सांडलेलं मीठ

निघायच्या दिवशी आईने माझी दृष्ट काढायला दोन्ही हातांत मीठ-मोहऱ्या घेतल्या, पण तिच्या मुठीच मिटेनात. बोटं कधीचीच वाकडी झाली होती. तिने तीनदा ओवाळलं, तेवढ्यात अर्धं मीठ माझ्या नव्या बुटांवर सांडलं. दाराशी विमानतळाची टॅक्सी हॉर्न देत होती. "राहू दे गं आई," म्हणत मी बूट झटकले आणि निघाले. तिचा उतरलेला चेहरा मला आठवला तो टॅक्सी हायवेला लागल्यावर.

आमचं घर खारीतलं, म्हणजे खाडीकाठच्या खाऱ्या जमिनीवरचं. आता चहूबाजूंनी इमारती आहेत, पण आई लग्न होऊन आली ती थेट आजोबांच्या मिठागरात उतरली. खाऱ्या पाण्यात उभं राहून मीठ ओढायचं, टोपल्या वाहायच्या. पस्तिशीत तिचे हात सुजायला लागले. सकाळी तासभर तिला तांब्या धरता यायचा नाही. "मिठानं खाल्लं," एवढंच सगळे म्हणाले. आमच्याकडे दुखऱ्या हातांना हाच शब्द. निर्गुडीचा पाला शेकला, तेल चोळलं, दुखलं की मेडिकलवाल्याकडची गोळी. मावशी भाईंदरला दुकानदाराच्या घरात दिली, तिचेही हात तसेच झाले. तर तिनेही लहानपणी मीठ उचललंय असं म्हणून आम्ही मोकळे झालो. आईला तर त्या हातांचा अभिमानच होता. "मिठानं हात खाल्लं, पन तुला शिकवली," ती म्हणायची.

मी कॅनडात आले, हॅलिफॅक्सला. इथे बर्फ पडला की रस्त्यावर मीठ टाकतात. हे फोनवर सांगितलं तेव्हा आई हळहळली होती, "पायाखाली मीठ?" चौथ्या हिवाळ्यात मला सकाळी कोटाची बटणं लावता येईनात. मी थंडीला दोष देत बसले. शेवटी ऑफिसातल्या मैत्रिणीने ढकलूनच डॉक्टरीणबाईंकडे पाठवलं. त्यांनी बोटांची पेरं दाबून पाहिली, रक्त तपासलं. रुमॅटॉइड आर्थ्रायटिस. शरीर आपल्याच सांध्यांवर उठतं म्हणे. घरात कुणाला आहे का, त्यांनी विचारलं. मी सांगितलं, आईचे हात वाकडे आहेत, पण ते मिठाने. त्या म्हणाल्या, मिठाने असं होत नाही. लवकर आलात, हात वाचतील. मी बसमध्ये रडले, आणि माझ्यासाठी नाही रडले.

आईला मी काहीच सांगितलं नाही. आठवड्यातून एकदा गोळी घ्यायची आणि व्हिडिओ कॉलवर हात टेबलाखाली ठेवायचे. एकदा विसरून दोन्ही हातांनी कप उचलला, तसं तिने ते बरोबर हेरलं.

"हात दाखव गो," ती म्हणाली. मी दाखवले. "पन तू तं कदी मिठात उतरली न्हाय." मग ती म्हणाली, "माज्या हातनं मीठ सांडला ना तवा. त्योच तुज्या मागं लागला."

गप्प राहिले असते तर ती जन्मभर स्वतःला दोष देत राहिली असती. खरं बोलले तर तिचा अभिमान जाणार होता. मी खरं बोलले. "आई, मिठाचा काही दोष नाही. तुझाही नाही. तुलाही हाच रोग आहे, आणि त्याला औषध आहे."

तिने आपली बोटं डोळ्यांसमोर धरली. "मंग माजे हात वाचले असते?"

"वेळेत कळलं असतं तर, हो."

"तुजे वाचतील ना? मंग गोळी चुकवू नको."

तिकडे राहिलेल्या बायांनो, सकाळी बोटं सुजून आखडत असतील तर मिठावर ढकलू नका, डॉक्टरला दाखवा. आणि माझ्यासारखे जे लांब आलात, त्यांनी कॉलवर आईच्या चेहऱ्याबरोबर तिचे हातही बघा. मी पंचवीस वर्षं बघितले आणि मला दिसले नाहीत.

आईचं बोट नीट दाबलं जात नाही, म्हणून फोन नेहमी मीच ठेवते. त्या दिवशी ठेववेना. तिने फोन मांडीवर उताणा ठेवला होता. मला फक्त छताचा पंखा दिसत होता, आणि ती हळू आवाजात स्वतःशीच म्हणत होती, "मिठानं न्हाय... मिठानं न्हाय." घर म्हटलं की आता मला तो पंखाच दिसतो, आणि त्याच्याखाली न दिसणारे, वाचू शकले असते असे आईचे हात.