आईचा माठ आणि माझा मोर्चा

आठवडी बाजारात सकाळपासून दिवे लागेपर्यंत भाजी विकणाऱ्या बाईनं लघवीला जायचं कुठं, हा प्रश्न तुम्हाला कधी पडलाय? पडूनही तुम्ही शांत असाल, तर तुम्ही नक्की माझ्या आईच्या माठातलं पाणी प्यायला आहात. आमच्या घरी राग थंड करणारे माठ घडवतात.

यात मोठेपणा सांगण्यासारखं काही नाही. राजूरच्या पुढं डोंगरात आमचं वाकडदरा. तिथं कुणी कौलं घडवतं, आम्ही हे. माती मात्र साधी चालत नाही. जिच्यावरून कधीच भांडण झालं नाही, अशा विहिरीच्या तळाची लागते. अशी विहीर अख्ख्या डोंगरात एकच आहे. (तिला पाणीच लागलं नाही!) बांधावरून कुऱ्हाडी उपसून आलेले भाऊ आमच्या ओट्यावर एकेक पेला पितात आणि एकाच मोटारसायकलवरून घरी जातात.

मला हा धंदा तत्त्वतः मान्य नव्हता. वडील चळवळीतले. मी अक्षरं शिकले तीच पत्रकांवरून, आणि माझं नावही त्यांनी क्रांती ठेवलं. 'राग हा गरिबाचा हक्क आहे!' असं पत्रक मी आईच्याच ओट्यावर बसून लिहिलं. आईनं ते नीट वाचलं आणि म्हणाली, "अक्षर चांगलं हाय." मी धंदा शिकायला साफ नकार दिला आणि बाजारात बायांसाठी शौचालय हवं म्हणून ग्रामपंचायतीवर मोर्चा काढला.

ऊन मरणाचं. मोर्चाला पाणी हवं. आता आमच्यातला नियम असा, की रागाच्या माठावर खूण करायची नाही. चिडलेल्या माणसाला कळलं तर तो पिणारच नाही ना! आई टिचकी मारून माठ ओळखते. मी टिचकी मारली की फक्त माझं बोट दुखतं. दारातला हाताला लागला तो माठ मी हातगाडीवर चढवला.

"सोय द्या, नाहीतर खुर्ची सोडा!" सगळ्यांत पुढं हौसामावशी. मिरच्या विकते, आवाजही तसाच. पंचायतीच्या दारात सगळ्या बाया पाणी प्यायल्या आणि पुढची घोषणा आली, "सोय द्या, जमंल तवा द्या!"

"मावशी, हे काय?"

"अगं, सरपंचालाबी कामं असत्यात की बिचाऱ्याला!"

मागून कुणीतरी ओरडलं, "घाई न्हाई हो सरपंच! आदी जेवून घ्या!"

बाया लिंबाखाली टेकल्या. एकीनं लसूण सोलायला काढला, दुसरी तिसरीच्या डोक्याला तेल लावू लागली. मी भोंग्यावरून "उठा! पेटून उठा!" असं इतकं ओरडले, की घसा कोरडा पडला. म्हणून मीही दोन पेले घेतले. त्यानंतर अख्ख्या बाजारानं भोंग्यावरून माझं जे भाषण ऐकलं, ते असं: "पंचायतीच्या भिंतीला रंग काय गोड दिलाय!"

तेवढ्यात आई धापा टाकत आली. "क्रांते, माठ कुठाय? तळ वतला का?"

तळ! राग नाहीसा होत नसतो, तळाला बसतो. शेवटचा पेला बाभळीच्या मुळाशी ओतायचा असतो. (आमच्या परसातल्या बाभळीला गाढवसुद्धा वळसा घालून जातं.)

"नाही ओतला," मी हसत म्हणाले. "शिपाई मागायला आला होता. सरपंचनाना तहानले होते ना!"

आई मटकन खाली बसली. "एवढ्या बायांचा राग! एका मानसाच्या पोटात!"

आतून खुर्ची आपटल्याचा आवाज आला. नाना बाहेर आले. टोपी वाकडी, डोळे लाल.

"बाया दिसभर पानी न पिता बसत्यात! लाज न्हाई वाटत?" ते शिपायावर गरजले. "कोन हाय रं या गावचा सरपंच?"

"तुमीच, नाना."

"मग मेलाय का त्यो?"

"न्हाई... म्हंजे तुमी तर हितं हुभं हाय."

"बोलवा त्याला! आत्ताच्या आत्ता!"

शिपाई घाबरून आत जाऊन दोन हाका मारूनही आला!

"जाऊ द्या नाना," हौसामावशी समजूत घालू लागली, "उनाचं कशाला चिडता?"

"गप बसा मावशी! तुमच्या या सोसन्यानंच गाव बिगाडलंय!" नानांनी माझा भोंगा हिसकावला, मी आयुष्यात केलं नाही असं भाषण ठोकलं, कुदळ मागवली आणि पंचायतीशेजारी स्वतःच खड्डा खणायला घेतला. आम्ही मोर्चेकरी बाया त्यांना पदरानं वारा घालत होतो.

संध्याकाळी राग उतरला, पण खड्डा राहिला. बुजवावा तर गाव विचारणार, मग खणला कशाला? शेवटी नानांनी बांधकाम करूनच टाकलं. आता दाराला आतून कडी लागते, नळाला पाणी येतं, आणि हौसामावशी दुपारी तांब्याभर पाणी बिनघोर पिते. ते बघून मी आईपुढं जरा छाती काढली, तर ती म्हणाली, "व्हय, व्हय. तुझ्या पत्रकाला अक्षर चांगलंच हुतं."

तर माझी एक विनंती आहे. येत्या बाजाराला तुमच्या गावातल्या एखाद्या भाजीवालीला हळूच विचारा, "मावशी, तुमची सोय कुठं?" तिनं झुडपांकडं बोट दाखवलं, तर पिशवी तिच्याजवळच ठेवा आणि सरळ पंचायत गाठा. एवढ्यावरही गावाला राग येत नसेल, तर मला भाषणाला बोलवा. आणखी कुणाचा नाही, तरी लोकांना माझा राग हमखास येतो!