आज मायने आप्पांना बाहेर बसायला सांगितलं

मित्रमैत्रिणींनो, सकाळपासून मन थाऱ्यावर नाही, म्हणून लिहितेय.

माझ्या मायला डिमेन्शिया आहे. आधी भाजीत दोनदा मीठ पडायचं. मग रनाळ्यातल्या स्वतःच्या गल्लीत तिला घर सापडेनासं झालं. आता आप्पाच, म्हणजे माझे वडील, तिला भरवतात, तिची वेणी घालतात.

मी सध्या माहेरी आलेय. आज आप्पा कंगवा घेऊन जवळ गेले, तर मायने डोक्यावर पदर ओढला. घाबरून मला म्हणाली, "हाऊ माणूस कोन शे?"

"माय, आप्पा शेतस ना!"

ती रडायलाच लागली. आप्पांकडे न बघता म्हणाली, "मन्हा मालक घर नही शेतस. तुम्ही बाहेर बठा."

आप्पा परक्यासारखे हळूच तिला म्हणाले, "बरं ताई, बठस." कंगवा माझ्या हातात देऊन ते ओट्यावर जाऊन बसले.

वेणी घालून मी बाहेर आले, तर ते डोळे पुसत होते. "डॉक्टरनी सांगेल व्हतं. पन इतलं लवकर?"

पुढे बोलणं कमी होईल, घास गिळणंही जड जाईल, असं डॉक्टर म्हणतात. पण उद्या सकाळी आप्पांना तिच्याजवळ जाऊ द्यायचं की नाही, हेच मला कळत नाहीये.

तुमच्या घरी असं झालं तेव्हा तुम्ही काय केलंत?