बटणाएवढा सेल

आमच्या महाल भागात विश्वनाथभाऊंसारखा मेकॅनिक नाही, हे मी पैजेवर सांगते. तीस वर्षं टीव्ही, रेडिओ, व्हिडिओ गेम दुरुस्त करताहेत. शिस्त एकच: आधी प्लग काढायचा, मग आतला सेल काढायचा, त्यानंतरच बोर्डाला हात. या शिस्तीवर मी फार हसायचे. आता हसवत नाही.

त्यांची एकुलती एक मुलगी हिमानी चार वर्षांपूर्वी डेंग्यूनं गेली. एकोणीस वर्षांची पोर! मागे राहिला तिचा जुना, अर्धवट खेळलेला गेम. त्यातल्या तीन शिपायांना तिनं आई, बाबा आणि स्वतःचं नाव दिलं होतं. तो गेम ज्यावर चालायचा ते मशीन मधेच बंद पडायला लागलं, तसा भाऊंचा धीर सुटला.

"दामिनी, मशीन मरून राहिलं. तिचा गेम कॉम्प्युटरवर उतरवून दे वं."

मी सांगितलं, कॉम्प्युटरवर अशा मशीनची नक्कल चालवता येते. पण मशीन सुरू करणारा मूळ प्रोग्राम लागतो, बायोस म्हणतात त्याला. तो आतल्या एका चिपमध्ये असतो. "नेटवर भेटते, भाऊ. देऊ का?"

"दुसऱ्याच्या मशीनचा काहून? हिमानीच्याच मशीनचा काढतो."

त्यांना वाटलं, तिचा खेळही त्याच चिपमध्ये आहे. मी खुलासा केला नाही, त्याचा मला आजही स्वतःवर संताप येतो. खेळ दुसऱ्याच चिपमध्ये होता, बटणाएवढ्या सेलच्या जिवावर. भाऊंनी शिस्तीत प्लग काढला, सेल काढला आणि बायोस अलगद उतरवून घेतला. काम अगदी देखणं झालं.

दुकानात आम्ही तो कॉम्प्युटरवर लावला. पहिल्याच फटक्यात चालला, सुरुवातीची धूनही वाजली. मग तिचा खेळ घ्यायला मूळ मशीन जोडलं, यादी उघडली. पडद्यावर इंग्रजीत एकच शब्द होता: रिकामं. भाऊंनी टेबलावरच्या सेलकडे पाहिलं.

हिमानीच्या आईनं, सत्यवतीवहिनींनी, चार वर्षं त्या गेमकडे पाहिलं नव्हतं. पाहवत नाही म्हणायच्या. धून ऐकून त्या मागच्या खोलीतून पदराला हात पुसत आल्या.

"दाखवा, आज पाहतो मी. आई कुठं लिहिलं तिनं?"

वहिनींना इंग्रजी वाचता येत नाही. त्यांनी वाकून त्या एकुलत्या शब्दावर बोट ठेवलं.

"हेच का?"

भाऊ हो म्हणाले.