सासऱ्यांचं हिब्रू पुस्तक

बाळांनो, तुम्ही आता जिथे राहता तिथे दुकानांच्या पाट्यासुद्धा हिब्रूत असतात, म्हणून तुम्हाला ही हकिकत जरा गमतीची वाटेल. मी मात्र पहिलं हिब्रू अक्षर ओळखलं तेव्हा एका मुलाची आई होते. तोवर माझा देवावर विश्वास होता की नुसती सवय होती, हे मला सांगता आलं नसतं. दर शुक्रवारी संध्याकाळी दिवा लावताना मी प्रार्थना म्हणायची, पण तिच्यातला एक शब्दही मला कळत नव्हता. मुंबईच्या मिशन शाळेत मॅट्रिक झालेल्या मुलीला हे आत कुठेतरी टोचायचं.

एकोणीसशे तिसाच्या सुमाराची गोष्ट. तुमचे आजोबा बांधकाम खात्यात नोकरीला होते आणि आम्ही रत्नागिरीत राहत होतो. गावात आपल्या बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या ज्यू, लोकांची इनमीन तीन घरं. पावसाळा संपता संपता आजोबांना मुदतीचा ताप आला. माझ्या सासूबाईंनी, म्हणजे तुमच्या पणजीने, एलियाहू हन्नाबीला, अडल्याच्या दारी पाहुण्याच्या वेषात येतो म्हणतात त्या संदेष्ट्याला, नवस बोलला, की मुलगा उठला तर मलिदा करीन आणि मलिद्याची प्रार्थना त्याच्या वडिलांच्या हिब्रू पुस्तकातून, घरातल्याच माणसाकडून वाचून घेईन. मलिदा म्हणजे गोड पोहे, ओलं खोबरं, वेलची आणि भोवती फळं, हे तुम्ही जाणताच. आजोबा उठले, कामावर जाऊ लागले. पण सासरे ह्यांच्या लहानपणीच वारलेले, त्यामुळे ह्यांना प्रार्थना ऐकून पाठ होत्या, वाचता येत नव्हत्या. शिकतो, शिकतो म्हणत दिवस गेले, आणि ताप उलटला.

डॉक्टर म्हणाले, या तापाची तीच रीत आहे. सासूबाई म्हणाल्या, नवस उभा आहे. मला डॉक्टरांचं पटत होतं, तरी दुसऱ्या खेपेला आजोबांचे डोळे इतके खोल गेले होते की रोज सकाळी खोलीत पाऊल टाकण्याआधी मी दाराशी थांबून त्यांचा श्वास ऐके. एका दुपारी सासूबाईंनी ते पुस्तक कापडातून सोडून माझ्यापुढे ठेवलं.

"सायबाची एवढी पुस्तकं वाचतेस गो, हे एक वाच. आता घरात दुसरं आहे कोण?"

मी उशाशी बसून वाचू पाहिलं. अक्षरं आपल्यासारखी रेघेला टांगलेली नव्हती, प्रत्येक आपापल्या पायावर उभं. खाली ठिपके, उकारासारखे. मला भीती वाटायला हवी होती, पण खरं सांगते, कुतूहलच जास्त वाटलं. आठवडाभर मी सारखी दिसणारी अक्षरं जुळवत बसले. एकाचाही उच्चार मात्र समजला नाही.

त्या शुक्रवारी समुद्र खवळलेला होता. मुंबईची आगबोट आली, पण उतारूंना तिच्यापर्यंत नेणारे पडाव किनाऱ्यावरून सुटलेच नाहीत. ऊन उतरताना एक वयस्क गृहस्थ दारात उभे राहिले. पांढरी दाढी, हातात वळकटी. बंदरावर त्यांनी शनिवार पाळणाऱ्यांचं घर विचारलं होतं. चौकटीवरच्या मेझुझाला, त्या प्रार्थनेच्या लहानशा नळीला, हात लावून त्यांनी बोटं ओठांना टेकवली आणि म्हणाले, शनिवारचा शब्बाथ तोंडावर आलाय, त्यात प्रवास करता येत नाही, आसरा द्याल का? गाव विचारलं तर म्हणाले, आपली घरं असतील तिथे जातो, पोरांना अक्षरं शिकवतो.

मी पुस्तक त्यांच्यापुढे नेलं आणि मला कुठवर मजल मारता आली ते दाखवलं. ते हसायला लागले.

"मुली, तू परसदारातून शिरलीस. हिब्रू उजवीकडून डावीकडे वाचतात, हे शेवटचं पान."

तापाच्या खोलीतून आजोबाही हसले. किती दिवसांनी.

शनिवारी त्यांनी लिहून काही दाखवलं नाही. शब्बाथला अक्षर काढायचं नाही, ओळखायला हरकत नाही, असं म्हणून बोटानेच पुस्तकात दाखवत राहिले. रविवारी मात्र ताटात तांदूळ पसरून अक्षरं काढायला लावली. दोन अक्षरं मी सारखी एकमेकांच्या जागी वाचत होते. ते म्हणाले, ही दोघं जुळी आहेत, एकाची पाठ टोकदार, दुसऱ्याची गोल, पाठीवरून हात फिरवून बघ. ओळ संपली की नवी ओळ उजवीकडून सुरू व्हायची, पण माझे डोळे सवयीने डावीकडे धावत. त्यावर त्यांनी झाडूतला एक हीर काढून धुऊन दिला. त्याच्या टोकामागून डोळे ने, म्हणाले, पुढे काय आहे त्याची काळजी करू नकोस. मी विचारलं, बाईने वाचलेलं चालेल का? त्यांनी माझ्याकडे जरा नवलाने पाहिलं.

"वाचायचं नसेल तर पुस्तक घरात कशाला ठेवलंय?"

बुधवारी समुद्र निवळला. निघताना सासूबाई त्यांना काही देऊ लागल्या, तर ते म्हणाले, मलिदा कराल तेव्हा माझा वाटा बाजूला काढा, म्हणजे झालं.

गुरुवारी संध्याकाळी मलिदा केला. गावातल्या बाकीच्या दोन्ही घरची माणसं आली. मी हीर धरून एकेक शब्द वाचत होते, घामाघूम होऊन. शेजारच्या घरातले काका हळूच म्हणाले, या चालीने मलिदा आंबेल. सासूबाई म्हणाल्या, आंबू दे. मध्येच एका शब्दावर मी अडकले. मनात आलं, हे चुकलं तर? मग हिराच्या टोकाकडे पाहिलं. तिथे एकच अक्षर होतं, आणि ते मला येत होतं. तेवढंच वाचलं. मग पुढचं. ह्यांना प्रार्थना पाठ होती, तरी अंथरुणावरून त्यांनी मला एकदाही पुढचा शब्द सांगितला नाही. शेवटी आमेन मात्र मोठ्याने म्हणाले.

वाटताना मी रीतीप्रमाणे आधी एलियाहूचा वाटा काढला. मग पाहुण्यांचा शब्द आठवला आणि दुसरं पान घेतलं. सासूबाईंनी माझा हात धरला.

"एकच ठेव."

मी त्यांच्याकडे पाहिलं. त्या केळी सोलत होत्या, त्यांनी मान वर केली नाही.

त्याच आठवड्यात ताप उतरला आणि पुन्हा आला नाही. डॉक्टर म्हणाले, तो उतरायचाच होता. असेल. मी डॉक्टरांचे आणि एलियाहूचे, दोघांचेही आभार मानले. ते गृहस्थ आम्हाला पुन्हा कधी भेटले नाहीत, आणि आगबोटीवर त्यांना चढताना कोणी पाहिलं का, हे मी बंदरावर विचारायला गेले नाही. सगळं विचारून घ्यायची माझी सवय तुम्हाला ठाऊक आहे. पण काही ठिकाणी हिराच्या टोकाएवढंच दिसलं तरी पुरतं, उरलेलं ज्याचं त्याच्यावर सोपवावं, हे मी त्या पुस्तकाशी बसून शिकले. आजही मलिदा केला की पहिला वाटा काढते. एकच. तो कोणाचा, ते विचारत नाही.