वाणातली डाकूराणी

मंदाआत्या स्कूटर सुरू करण्याआधी तिच्या हँडलवर हलकेच थोपटायची. सिग्नल लागला की "हो, हो, बस, बस" असं तिला समजावायची. मागे मी, तिशीतला सरकारी बाबू, मान खाली घालून बसलेला. बाजूच्या रिक्षावाल्यांना वाटायचं, ती मलाच समजावते आहे.

आत्या म्हणजे माझ्या वडिलांची धाकटी बहीण. मुलींच्या शाळेत खेळाची बाई, लग्न न केलेली, रायपूरच्या तात्यापारा मोहल्ल्यात आमच्याच घरी राहणारी. रायपूर नुकतंच राजधानी झालं होतं, आणि नव्या राज्यात जो तो छत्तीसगढी सिनेमा काढायला निघाला होता. एका निर्मात्याला डाकूपटासाठी घोड्यावर बसणारी बाई हवी होती. खेळाची बाई म्हणून आत्या पुढे झाली; घोडा मात्र तिनं पाहिलेला वरातीतला. निर्मात्यालाही भाड्यानं मिळाली ती वरातीतलीच घोडी. भनपुरीत, ट्रकांच्या अड्ड्यामागच्या मैदानात शूटिंग सुरू झालं, तर घोडी बँड वाजल्याशिवाय पाऊल उचलेना. आणि बँड वाजला की नाचायला लागे.

मग आत्याच शाळेआधी रोज तिला फिरवायला जाऊ लागली. गुडघे सोलून घेऊन परतायची. आई हळद लावता लावता करवादायची, "काहून करून राहिली वं हे? हातपाय मोडले तं कोण पाहील तुले?"

"तिले आजवर नवरदेव वाहाणंच शिकवलं, वहिनी. मी पळणं शिकवून राहिली."

सिनेमा लागला. चौकात पोस्टर : पँट, बंदूक, घोडी आणि आत्या. पाऱ्यातल्या बायका आईशी तुटक बोलू लागल्या. आईनं घरात बजावलं, "आपल्याकडचं कोणी पाहाले जाणार नाही." आत्यानं मान डोलावली. चला, निवळलं सगळं, असं मला वाटलं. माणसांची पारख माझी ही अशी.

त्याच आठवड्यात आमच्याकडे संक्रांतीचं हळदीकुंकू होतं. वाणाला साबणाच्या डब्या द्यायचं ठरलं आणि त्या आणायचं काम आत्याकडे आलं. आईनं प्रत्येकीला कुंकू लावलं, तिळगूळ दिला, हातावर डबी ठेवली. बायकांनी घरी जाऊन उघडून पाहिलं, तर आत दुसऱ्या दिवशीच्या दुपारच्या खेळाचं तिकीट!

समोरच्या काकू तणतणत परत आल्या. आत्या दारातच उभी होती. "काय काकू, संक्रांतीचं वाण वापस करून राहिल्या? करा ना. वहिनीले बोलावू?"

सवाष्णीच्या हातचं वाण कोण परत करणार! काकू डबी घेऊन वळल्या.

दुसऱ्या दिवशी अख्खा पारा काठपदराच्या साड्या नेसून टॉकीजमध्ये. पडद्यावर घोडी उधळली, मागे पोलीस लागले, आणि त्याच काकू खुर्चीवरून अर्धवट उठत ओरडल्या, "पळ वं मंदे, पळ!" वाण देणारीला स्वतःचं वाण मिळत नाही, म्हणून आईकडे तिकीट नव्हतं. मध्यंतरात पाहतो तर ती मागच्या रांगेत, तोंडावर पदर घेऊन. खिडकीवर रांगेत उभी राहून आली होती.

आत्याचे आणखी एक-दोन सिनेमे आले. मग निर्माता म्हणाला, "दीदी, इस बार लास्ट में घोड़ी से उतर के पति के पाँव पड़ना है. पब्लिक को अच्छा लगता है."

"भैया, पाँव पड़ने का इतना शौक है, तो पब्लिक घोड़ी के पड़े. मैं नहीं उतरती."

दुसरी कोणी उतरली. आत्याला पुन्हा कोणी बोलावलं नाही.

"वाईट नाही वाटत?" मी एकदा विचारलं.

"वाटते ना रे. पण उतरली असती तं आरशात पाहाचं वाईट वाटलं असतं." आणि स्कूटरला थोपटून ती शाळेत गेली.

गेल्या वर्षी आत्या गेली. ते सिनेमे आता कुठेच मिळत नाहीत. उरलाय तो घोडीवरचा एक फोटो. तेराव्याला लोक येणार म्हणून मी शहाणपणा केला : साडीतला, डोक्यावर पदर घेतलेला एक फोटो शोधून मोठा करून आणला. आईनं तो बाजूला ठेवला आणि घोडीवरच्या फोटोला हार घातला.

"तिले खाली उतरवणं भल्याभल्यांले जमलं नाही," ती म्हणाली, "अन् तू काय उतरवशील? तू तं आपल्या वरातीत घोडीवर चढता चढताच पडला होता."