रोजीची उत्तरं

पाचूबंदरच्या मावशीला मासळीचा भाव विचारला की ती लगेच सांगत नसे. गिऱ्हाइकाचं बोलणं पुरतं संपायची वाट बघे. घरातलं आजारपण, सुनेची गाऱ्हाणी, सगळं हातातली सुरी खाली ठेवून ऐके. मागे खोळंबलेली बाई वैतागली तर म्हणे, "तिचं होऊ दे आदी." असा धंदा कसा चालायचा, देव जाणे.

लग्नांचे व्हिडिओ काढून काढून माझं डोकं उठलं होतं. तेच नाच, तेच ड्रोन. म्हणून कोळीवाड्यातल्या जुन्या लग्नगाण्यांवर दहा मिनिटांचा माहितीपट करायला घेतला. तो कोणी मागितला नव्हता. ही गाणी दोघींनी म्हणायची असत. मुलीकडच्या बाईनं ओळ टाकायची, मुलाकडचीनं उत्तर द्यायचं. मावशी कायम मुलीकडची आणि समोर तिची मैत्रीण रोजी. रोजी वारल्यावर तिची उत्तरं एकट्या मावशीलाच ठाऊक होती.

"दोन्ही तूच म्हण ना, मावशी," मी गयावया केली.

"रोजीचं मी कशाला बोलू?"

"ती गेली गं आता."

"म्हनून काय तिच्या वाटचं मी बोलायचं?"

कॅमेऱ्यासमोर तिनं आपली ओळ म्हटली आणि उत्तराची ओळ होईल एवढा वेळ गप्प बसली. मग पुढची ओळ. अख्खं गाणं असंच. मी ते तसंच ठेवलं. कापायचं त्राण नव्हतं आणि धीरही नव्हता.

तयार झालेला माहितीपट क्रुसासमोरच्या अंगणात पडदा लावून दाखवला. गाण्यात पहिली शांतता आली तेव्हा लोकांना वाटलं, आवाज गेला. तेवढ्यात पुढच्या खुर्चीतून मावशीचा खरखरीत सूर निघाला. पडद्यावरून ती ओळ टाकत होती आणि खुर्चीतून रोजीचं उत्तर देत होती, शेवटपर्यंत. माझा कॅमेरा पिशवीत होता. तो काढायला उठलो असतो तर तिच्या आणि पडद्याच्या मध्ये आलो असतो. मी बसून ऐकलं.

"तेव्हा का नाही म्हटलंस?" मी नंतर विचारलं.

"आज समोरून ओळ आली. मंग उत्तर नको देऊ?"

त्याच वर्षीच्या पावसाळ्यात मावशी गेली. आता तिच्या नातीचं लग्न ठरलंय. परवा ती रोजीची उत्तरं विचारायला घरी आली आणि म्हणाली, "दादा, तुम्ही तर सगळं ऐकलंय ना?"

ऐकलंय. पहिली दोन उत्तरं आठवतात. पुढचं काही केल्या आठवत नाही.