देवाला न विचारता नेलेलं सोंग

माझ्या वडिलांशी, आबांशी, मी आयुष्यात एकदाच ठरवून खोटं बोललो, तेही संगमेश्वरच्या एसटी स्टँडवर, गाडी सुटायला आलेली असताना. माझ्या मांडीवर त्यांनी बांधून दिलेलं गाठोडं होतं. त्यात संकासुराचा काळा झगा, उंच टोप, पांढरी दाढी आणि कमरेच्या घंटा. शिमग्यात देवाच्या पालखीपुढे संकासूर नाचतो आणि ते सोंग घेण्याचा मान आमच्या घराण्याचा. एरवी ते पेटीतून बाहेर निघत नाही. काढायचंच तर आधी देवाचा कौल घ्यावा लागतो. मुंबईत गाववाल्यांचा कार्यक्रम आहे, असं मी सांगितलं होतं. खिडकीखाली उभं राहून आबांनी एवढंच विचारलं, "देवाला इचारलंस ना?" मी हो म्हटलं. गाडी हलली.

गावात राहिलेल्यांनो आणि माझ्यासारख्या मुंबईकरांनो, हे आज तुम्हा दोघांनाही सांगतो आहे.

मी मुंबईला गेलो तो गिरणीत चिकटायला. रमलो नाटकाच्या तालमींत आणि तिथून सिनेमात. हवालदार झालो, मुनीम झालो, "आता सगळं देवाच्या हातात" म्हणणारा डॉक्टर झालो. तिशीतच केसांना पावडर फासून माझ्याहून मोठ्या हिरोचा बाप झालो. माझं नाव कुणाच्या लक्षात राहत नसे. "तो कोकणातला म्हातारा बोलवा," असा निरोप यायचा. गावची जी बोली मी चारचौघांत लपवत होतो, तिच्यावरच सेटवर माझं पोट भरत होतं.

एका पिक्चरमध्ये विनोदासाठी गावचं सोंग हवं होतं. कपडेवाल्याने पुठ्ठ्याचा टोप आणला. तो बघून डायरेक्टर वैतागले आणि मी पुढे होऊन म्हटलं, खरा आमच्या घरी आहे. त्या बदल्यात ते सोंग मलाच मिळालं, क्लोजअपसकट. दारू प्यालेला संकासूर चिखलात पडतो, हिरो त्याची दाढी ओढतो, लाथ घालतो. शॉट संपल्यावर टाळ्या पडल्या. त्या मला आवडल्या, हेही कबूल करतो.

त्या काळी गणपतीत गावोगाव व्हिडिओ आणायची टूम होती. आपल्या गावाने कौतुकाने तोच पिक्चर आणला. आबांना पुढची खुर्ची दिली, शेजारी मी. पडद्यावर मी पडलो तेव्हा पोरं हसली. शिमग्यात संकासूर झालेल्या आबांच्या ओटीत आपलं तान्हं ठेवून नवस फेडलेल्या बायकांनी मात्र माना खाली घातल्या. मागून कुणी तरी म्हणालं, "आबा, आता पोरां ओटीत घालायची ती तुझ्या, का ह्याच्या?" मग मोठी माणसंही हसली. आबा उठून घरी गेले.

पुढच्या शिमग्याला ते मानकऱ्यांना म्हणाले, "माझ्या अंगाला तो झगा आता लागत नाय." पालखी संकासुराशिवाय निघाली. मी तेव्हा शूटिंगमध्ये होतो आणि त्यानंतरच्या शिमग्यांनाही. मग आयेने गाववाल्याकडून निरोप धाडला: ढोल वाजला की तुझा बापूस दार लावून बसतो.

मी हातातलं काम सोडलं. मॅनेजर म्हणाला, बाहेर दुसरे उभे आहेत. म्हटलं, त्यांना द्या. त्या दिवसापासून शिमग्याच्या दिवसांतलं काम मी घेतलेलं नाही, घेणारही नाही. घर म्हणजे थकून परत जायची जागा, असं मी समजत होतो. आता मला वाटतं, जिथे आपली चूक सगळ्यांना ठाऊक असते आणि तरी जाऊन उभं राहावंच लागतं, ते घर.

पुढे काय झालं ते गावाला माहीत आहे. संकासूर पुन्हा नाचतो. पण काम सोडून शिमग्याला गावी आलो, त्या दिवशी मी काय बोललो, ते मुंबईकरांना ठाऊक नाही. पालखी सहाणेवर, शिमग्यात ती ठेवतात त्या गावच्या चौथऱ्यावर, टेकली होती. मी घरी जाऊन आबांना हात धरून आणलं. जन्मभर दुसऱ्यांनी लिहिलेलं बोलत आलो, माझं स्वतःचं काही तोंडातून निघेना. आधी शहरी भाषेत सुरुवात केली, ती अडखळली. मग सगळ्या गावासमोर त्यांच्या पायांशी बसलो.

"आबा, मी कौल लावला नव्हता. तुमाला खोटा सांगितला. देवाचा सोंग चिखलात लोळवला नि गावाला तुमच्यावर हसवला. चुकलो मी. मला माफी करा."